सरपणाच्या भांडणातली खाडी

समजा, तुम्ही मासेमारीच्या बोटीवर खलाशी आहात. ओलं, जड जाळं चौघांनी मिळून वर ओढायचंय. चारी बाजूंना पाणी. झाड नाही, बांध नाही. या पाण्यात कुठंतरी दोन देशांची हद्द आहे, ती ओलांडायची नाही. आता ओढा.

सातपुड्याच्या पायथ्याच्या एका पाड्यावरचा भुरा हेच काम करायचा. दोन हंगाम एकटा गेला. तिसऱ्याला थोरल्या भावाला, रोहिदासला, सोबत नेलं. नरडाण्याला गाडी धरली, सुरतेहून पुढं सौराष्ट्रातलं बंदर. दिवाळीनंतर एका सकाळी सर क्रीक खाडीच्या तोंडाशी पाकिस्तानची गस्ती बोट आडवी आली आणि दोघे कराचीच्या तुरुंगात गेले.

तिथं गाव विचारलं. भुरानं बाजाराच्या गावाचं नाव सांगितलं. रोहिदासनं, पाड्यावरचा कुणीही सांगेल तसं, पाड्याचं सांगितलं. पाडा महसुलाच्या यादीत नाही. ओळख पटवायला नावं भारताकडे आली तेव्हा इकडून उत्तर गेलं, असं गावच नाही. भुरा तीन वर्षांनी सुटला. रोहिदासचं हे पाचवं.

"तुले बरं सुचनं बजारना गावनं नाव," रोहिदासची बायको रुपली दिराला ऐकवते. भाकरी मात्र गरमच वाढते. भुरा घरी आला खरा, पण कुणी दार बंद केलं की अजून उठून उघडतो.

गेल्या आठवड्यात शाळेच्या हेमलता मॅडमनी जुनं रजिस्टर शोधलं. दुसरीत रोहिदासचं नाव होतं, पाड्यासकट. तो उतारा जोडून त्या भुरा-रुपलीला समोर बसवून रोहिदासच्या सुटकेसाठी अर्ज लिहायला बसल्या.

"त्या खाडीचं भांडण शंभर वर्षांहून जुनं आहे," त्या म्हणाल्या. "कच्छ आणि सिंध खाडीकाठच्या सरपणावरून भांडले. मग इंग्रज सरकारनं कागद केला. त्याच कागदावरून आपण म्हणतो हद्द खाडीच्या मधोमध, ते म्हणतात आपल्याकडच्या काठाला. फाळणीनंतर तेच भांडण दोन देशांचं झालं."

"सरपनवरथीन?" भुरा हसला. "तठे बी फॉरेस्टवाला शेतस का?"

रुपली हसली नाही. "हाऊ अर्ज गया म्हनजे तो यी ना, मॅडम?"

"पाठवून तर बघू." मॅडमचा पेन एका रकान्यापाशी थांबला. "कुठं पकडलं? कुणाच्या हद्दीत लिहू?"

 पकडलं तेव्हा भुराची नजर जाळ्यावर होती. आणि रोहिदासला त्या बोटीवर त्यानंच चढवलं होतं.

"मॅडम, तुमीच सांगा," तो म्हणाला. "त्या दिन आमनी बोट कोना पानीमा व्हती?"