केसी म्हणजे जागं

माझ्या भावाला बाळ झालं त्या दिवशी आईने इंग्लंडात, नॉटिंगहॅममध्ये पेढे वाटले. पेढे तयारच होते. सुनेचं पोट पुढे आलंय, चेहरा उतरलाय, म्हणजे मुलगाच, असा निकाल तिने केव्हाच देऊन टाकला होता आणि स्लाऊच्या मिठाईवाल्याकडून दोन मोठे डबे मागवून फ्रीझरमध्ये ठेवले होते. मुलगी झाली तर जिलबी वाटायची असते, पण जिलबीची तिने साधी चौकशीही केली नव्हती. भावाचा मेडनहेडहून फोन आला, "आई, झालं, दोघं ठीक आहेत," एवढं ऐकून तिने फोन ठेवला आणि डबा काढला. शेजारीपाजारी, मराठी मंडळातल्या बायका, कोपऱ्यावरच्या फार्मसीतला माणूस, सगळ्यांची तोंडं गोड झाली. भावाचं पुढचं वाक्य राहूनच गेलं होतं. ते त्याने संध्याकाळी मला सांगितलं.

"ताई, डॉक्टर म्हणतायत, बॉय की गर्ल ते आत्ता सांगता येत नाही. टेस्ट्स करायच्यात. वीक्स लागतील."

मी भूलतज्ज्ञ आहे. अशी बाळं जन्मतात हे मला पुस्तकांतून आणि थोडंफार कामातून माहीत होतं. त्यामुळे मी त्याला पहिला प्रश्न विचारला तो रक्तातल्या मिठाचा. अशा काही बाळांच्या अंगात मीठ टिकत नाही, ते एकाएकी उतरतं, बाळ ओकायला लागतं, मलूल होतं आणि जिवावर बेतू शकतं. वेळेत कळलं तर औषध आहे. म्हणून सुरुवातीचे दिवस डोळ्यांत तेल घालून बघावं लागतं.

"तू सॉल्टबद्दल विचारतेयस?" भाऊ म्हणाला.

"हो."

"आणि आईला काय सांगू?"

"ते माझ्यावर सोड."

बाबा गेल्यापासून आई माझ्याकडे राहते. तिला मी ओट्याशी उभ्या उभ्या सांगितलं, जितक्या साध्या शब्दांत सांगता येईल तितक्या. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मी पेढे वाटले गं."

मला राग आला. बाळाच्या हाताला सुया लावलेल्या आणि हिला पेढ्यांचं पडलंय. पण आई तशीच आहे. जे आपल्या हाताने झालं त्याची काळजी तिला आधी वाटते. पुढचे दोन दिवस फोन येत राहिले, "अभिनंदन हं, नातू झाला ना?" आणि ती प्रत्येकाला "हो" म्हणत राहिली. प्रत्येक "हो" नंतर ती फोनकडे बघत बसायची. तिसऱ्या दिवशी तिने आवाज बंद करून तो ब्रेडच्या डब्यामागे ठेवून दिला.

मग तिने एक नियम काढला: मुलगा की मुलगी कळेपर्यंत बारसं करायचं नाही. "आधी कळू दे. मग नाव ठेवा. कशाचं नाव ठेवणार आत्ता?"

आमच्याकडे नाव आत्याने ठेवायचं, म्हणजे मी. पण नाव आधीच ठरलेलं होतं. भावजय उत्तर आयर्लंडची. तिने आणि भावाने मिळून केसी ठरवलं होतं. आईने ते ऐकून विचारलं, "के. सी.? ही काय इनिशियल्स आहेत का?"

भाऊ एरवी शांत माणूस, पण त्या दिवशी फोनवर त्याचा आवाज चढला. "आई, इकडे कॉटवर नुसतं 'बेबी ऑफ' लिहून पुढे हिचं नाव लिहिलंय. चार दिवस झाले. त्या बाळाला स्वतःचं नाव नाही. मी थांबणार नाही. तू नाही आलीस तर तुझ्याशिवाय करू."

"करा," आई म्हणाली.

दोघंही एकाच पिठाचे. आता कुणीच मागे हटणार नाही आणि ज्याला कशाचाच पत्ता नाही ते बाळ एकटं पडणार, हे मला स्पष्ट दिसत होतं. बाळ घरचं व्हायचं तर आजी पाळण्याशी उभी हवी. नुसतं रक्ताचं नातं असून भागत नाही.

मी मात्र ते नाव तपासायला बसले. टोचायच्या आधी बाटलीवरचं लेबल दोनदा वाचायची माझी सवय. ज्याच्या कानात हे नाव सांगायचं त्याला आपण काय देतोय ते आपल्याला नको का कळायला? आयर्लंडच्या जुन्या गेलिक भाषेत सावध, न झोपणारा अशा अर्थाचा एक शब्द होता. तो कुणा पूर्वजाचं नाव झाला, त्याच्या वंशजांचं आडनाव झालं, आणि इंग्रजीत लिहिणाऱ्यांनी ते आपल्या जिभेला झेपेल तसं लिहिता लिहिता केसी झालं. पुढे आडनावाचं पाळण्यातलं नाव झालं, तेही बरंचसं अटलांटिकच्या पलीकडे, अमेरिकेत. मुलांना ठेवलं, मुलींनाही ठेवलं, कुणाची हरकत नव्हती. काही जण म्हणतात, मूळ अर्थ लढाईत सावध राहणारा. काही म्हणतात, नुसताच जागा. मला दुसरा बरा वाटला. माझा धंदाच तो आहे, समोरच्याला झोपवायचं आणि आपण जागं राहायचं.

हे मी आईला सांगितलं नाही. सांगून उपयोग नव्हता.

पण पाचवी आली. बारशाला येणार नाही म्हणणाऱ्या आईला पाचवी चुकवणं जमेना. पाचव्या रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळावर नशीब लिहून जाते. तिच्यासाठी कोरा कागद आणि लेखणी ठेवायची, बाळाजवळ काहीतरी लोखंडी ठेवायचं आणि कुणीतरी जागं राहायचं. मी या कशावर विश्वास ठेवत नाही. गाडी मात्र मीच चालवली. एम-वन मोटरवेवर आई पूर्ण वेळ मांडीवर पिशवी घट्ट धरून बसली होती. हॉस्पिटलच्या कार पार्कमध्ये मी ती उघडून बघितली. हळदी-कुंकवाची स्टीलची डबी, प्रिंटरचा कोरा कागद, बॉलपेन आणि नॅपकिनमध्ये गुंडाळलेली माझी भाजी चिरायची सुरी.

"आई, ही घेऊन वॉर्डात गेलीस तर सटवाईच्या आधी सिक्युरिटी येईल."

"मग लोखंड काय ठेवू?"

सुरी गाडीतच राहिली. आईने पर्समधली सेफ्टी पिन काढली. नर्स चांगली होती, पण बाळाच्या कपड्यांना पिन लावायची नाही म्हणाली, म्हणून ती कॉटमागच्या पडद्याला टोचली.

भावजय खुर्चीत बसली होती, बाळ तिच्या छातीशी. भाऊ उभा. त्याने आईकडे बघितलं आणि मग खिडकीकडे. आईने कागद आणि पेन कॉटच्या खालच्या फळीवर ठेवलं. भावजयने विचारलं, हे काय? आई चाळीस वर्षं या देशात राहून कमावलेल्या इंग्रजीत सांगायला लागली, ही एक देवी आहे, रात्री येते, बाळाच्या फोरहेडवर फ्यूचर लिहिते, कुणाला दिसत नाही, कागद सकाळी कोराच असतो.

भावजयने ऐकून घेतलं. मग अगदी सरळपणे विचारलं, टोमणा नव्हता त्यात, "बॉय की गर्ल, तेही तीच लिहिते का?"

भावाने मान वळवली.

"नो," आई म्हणाली. "दॅट इज नॉट हर जॉब."

आणि मग मराठीत, बहुतेक स्वतःलाच, "ती फक्त पुढे काय वाढून ठेवलंय ते लिहिते."

ती पलीकडच्या खुर्चीत बसली. भावजय तिला सांगत होती, तिच्या आजीच्या काळी तिकडे पाळण्यावर लोखंडी चिमटा आडवा ठेवत, नाहीतर परीलोकातली माणसं बाळ उचलून नेतात आणि बदली दुसरंच ठेवून जातात. म्हणून कुणीतरी जागं बसायचं. त्या आजीचं माहेरचं आडनाव केसी. अर्थ, जागं राहणारा.

"चिमटा?" आई म्हणाली. "आमच्याकडे विळा. आज सुरी आणली होती, हिने ठेवू दिली नाही." माझी अशी तक्रार करताना तिचा चेहरा पहिल्यांदा सैल झाला. मग तिने विचारलं, "तुझी आजी बसायची का जागी?"

"माझ्या आईच्या वेळी बसली होती."

आईने बाळाकडे बघितलं. आल्यापासून पहिल्यांदाच नीट बघितलं असं मला वाटतं. बाळाने जांभई दिली. रोज रक्त काढून काढून टाच काळीनिळी झाली होती. ती टाच आईने बोटाने हलकेच झाकली.

"आज कोण बसणार?" तिने विचारलं.

एका नातेवाइकाला रात्री राहता येत होतं आणि रोज भाऊच राहत होता. आई त्याला म्हणाली, "तू घरी जा. डोळे बघ तुझे. मी बसते." त्या भांडणानंतर ती त्याच्याशी बोललेली ही पहिली वाक्यं. भावाने कोट घेतला आणि बाहेर कॉरिडॉरमध्ये जाऊन रडला. मी त्याच्याजवळ उभी राहिले. मलाही रडू येत होतं, पण मला परत गाडी चालवायची होती.

सकाळी आईचा फोन आला. "दूध प्यायलं. ओकलं नाही. लंगोट छान भिजलाय. आणि मीठ बरोबर आहे म्हणे." मिठाचं तिला नर्सने सांगितलं होतं आणि ते तिने नीट समजून घेतलं होतं. सटवाईबद्दल मी विचारलं. "येऊन गेली असेल," ती म्हणाली आणि विषय बदलला.

ती नॉटिंगहॅमला परतली नाही, बाळाबरोबर मेडनहेडच्या घरी गेली. रोज सकाळी मला तोच रिपोर्ट यायचा, दूध, ओकणं, लंगोट. माझे ज्युनिअर डॉक्टर इतका नेमका रिपोर्ट देत नाहीत. याचा अर्थ ती बदलली असा नाही. दोन-तीनदा तिने हळूच विचारलंच, "तुला काय वाटतं गं? तू डॉक्टर आहेस." मी म्हणाले, मला काहीच वाटत नाही. ते खरं होतं.

बारसं झालं. भावाच्या घरी, जेवणाच्या टेबलावर पाळण्याऐवजी बाळाची वेताची मोझेस बास्केट ठेवून तिला झेंडूच्या नकली माळा बांधल्या. स्लाऊहून काही मंडळी आली, नॉटिंगहॅमहून मंडळातल्या दोघी, आयर्लंडहून भावजयची आई. निम्म्या लोकांनी मुलगा समजून निळे कपडे आणले होते. मी वाकले, बाळाच्या कानात कुर्र केलं आणि नाव सांगितलं. त्या वेळी आत्याच्या पाठीत बायकांनी धपाटे घालायचे असतात. त्यातला सगळ्यात जोरदार धपाटा आईचा होता. मला आवाजावरून नाही, हातावरून कळलं. लहानपणी खाल्लेत.

मग ताटं फिरली. आईने नारळाच्या वड्या केल्या होत्या. मंडळातल्या एक बाई म्हणाल्या, "अहो, नातवाचे पेढे तर आम्ही तेव्हाच खाल्ले. आज पुन्हा वड्या कशाला?"

भावाने पुढे व्हायला पाऊल उचललं. मी त्याचा दंड धरला.

"ते पेढे म्हणजे माझी घाई होती," आई म्हणाली. "मुलगा की मुलगी ते अजून कळायचंय. डॉक्टर बघतायत. मला नातवंड झालंय आणि त्याचं नाव केसी आहे. वडी घ्या."

आईने ताट तसंच पुढे धरून ठेवलं. त्या बाईंनी एकदा बास्केटकडे बघितलं, एकदा आईकडे, आणि वडी घेतली. "नावाचा अर्थ काय हो?" त्यांनी विचारलं.

"जागं," आई म्हणाली. "त्यांच्याकडे पण पाचवीला बसतात." हे काही बरोबर नव्हतं, पण मी दुरुस्ती केली नाही.

नंतर आई नॉटिंगहॅमला परतली. काही आठवड्यांनी एका रविवारी सकाळी भावाचा फोन आला. आई कणीक मळत होती, म्हणून मी फोन स्पीकरवर ठेवला.

"आई, रिझल्ट आलेत."

"थांब," आई म्हणाली. तिने हात धुतले, पदराला पुसले आणि फोनजवळ वाकली. "आधी हे सांग, झोपलंय की जागं आहे?"

"जागं आहे."

"मग फोन त्याच्या कानाशी धर."

ती बराच वेळ बोलली. काय बोलली त्याला काही अर्थ नव्हता, बाळांशी बोलतात तसं. पलीकडून मध्येच एखादा आवाज यायचा आणि ती त्याला उत्तर द्यायची. मग दूध प्यायची वेळ झाली आणि फोन बंद झाला.

रिझल्ट भावाने मला नंतर वेगळा फोन करून सांगितला. आईने तो विचारला दुसऱ्या दिवशी, चहा पिऊन झाल्यावर.