न जोडलेल्या मशीनचा आकडा

असल्या गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नाही. कुणी सांगायला लागलं की पहिली टिंगल माझीच. तेव्हा माझीही करा... पण आधी ऐका.

मी प्रताप नगरला राहतो, छोट्या पॅथॉलॉजी लॅबसाठी सॉफ्टवेअर बनवतो. हुडकेश्वरच्या एका लॅबमध्ये रक्त तपासायची मशीन केबलने कॉम्प्युटरच्या सिरीयल पोर्टला जोडलेली असायची. सॉफ्टवेअरची टेस्टिंग करताना मी ती केबल काढून व्हर्च्युअल पोर्ट लावायचो — म्हणजे मशीनच्या नावाने माझाच प्रोग्राम खोटे आकडे पाठवणार. एकदा तो तसाच चालू ठेवून मी चहाला गेलो. तेवढ्यात एका गरोदर बाईचं सॅम्पल लागलं आणि तिच्या मोबाइलवर माझं खोटं हिमोग्लोबिन गेलं — ११.२, म्हणजे काळजीचं काही नाही.

चार दिवसांनी ती चक्कर येऊन पडली. रक्त चढवावं लागलं. वाचली, नशीब माझं!

लॅबच्या टेक्निशियन शालूताई लॅबचे मालक असलेल्या डॉक्टरांना कळवळून सांगत होत्या, "सर, मशीनवर सहा पॉइंट एक होतं. मी माह्या डोळ्यानं पाह्यलं. डॉक्टरले लवकर दाखव, असंही म्हटलं मी तिले."

"सॅम्पल बदललं तुम्ही," डॉक्टर म्हणाले.

मी शेजारीच उभा होतो. गप्प. वर त्याच दिवशी मी ती नोंद डिलीट केली. नुसतं डिलीट केलं तर नोंद फाइलमध्ये पडून राहते, म्हणून डेटाबेस कॉम्पॅक्टही केला. माग राहायला नको ना! लिहितानाही लाज वाटते. शालूताईंची नोकरी गेली, त्या सावनेरला भावाकडे राहायला गेल्या.

सहा महिन्यांनी, भर दुपारी, त्याच लॅबमध्ये मी नवा कॉम्प्युटर बसवत होतो. डेटाबेस कोरा, व्हर्च्युअल पोर्ट टाकलेलाच नाही, मशीनची केबल माझ्या हातात. आणि स्क्रीनवर एक नोंद आली. त्याच बाईचा सॅम्पल नंबर. हिमोग्लोबिन ६.१.

११.२ आला असता तर म्हटलं असतं, जुन्या फाइलमधलं काहीतरी सोबत आलं असेल. पण ६.१ कॉम्प्युटरपर्यंत कधी पोचलाच नव्हता. तो एकट्या शालूताईंनी पाहिला होता...

मी प्रिंट काढली, डॉक्टरांना सगळं कबूल केलं आणि तसाच सावनेरला गेलो. ताईंना कागद दिला. "डॉक्टर तुम्हाले परत बोलावून राहिले," म्हणालो, आणि हा आकडा येणं कसं अशक्य आहे ते समजावत बसलो.

त्यांनी कागदाची घडी घातली. "मशीनचं राहू दे गा. तू तं तिथंच उभा होता ना? काहून नाही बोलला?"

तो आकडा कुठून आला, मला आजही माहीत नाही. मी गप्प का बसलो ते चांगलं माहीत आहे.