वर नेलेली मोटर

सतराव्या शतकातल्या विज्ञानावर मी मराठीत पुस्तक लिहीत होते तेव्हाची गोष्ट. आठवडाभर गोरेगावला मुलीकडे राहून मुलुंडला घरी आले, तर नळ कोरडा. चौथ्या मजल्यावरच्या बाई जिन्यातच भेटल्या आणि म्हणाल्या, आपल्या सेक्रेटरीनं सगळ्यांची वाट लावली.

झालं होतं असं, की तळमजल्यावर राहणाऱ्या आमच्या सेक्रेटरीनं पाण्याची मोटर खालून उचलून गच्चीत टाकीशेजारी बसवली होती. वरूनच ओढून घेईल पाणी, असा हिशेब. मोटर घरघरत होती, पाणी चढत नव्हतं. चार मजल्यांना टँकर मागवायची वेळ आली. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी, असं जो तो त्याला ऐकवत होता.

मी मात्र कपाळाला हात लावून हसले, कारण माझ्या टेबलावर नेमकं हेच प्रकरण अर्धवट पडलं होतं. इटलीतल्या पंपवाल्यांचं पाणीसुद्धा असंच तीन मजल्यांच्या उंचीवर अडायचं. मोठमोठे पंडित सांगत, निसर्गाला पोकळी सोसत नाही, म्हणून पाणी वर धावतं. मग तीन मजल्यांवर निसर्गाचा हा तिटकारा संपतो कसा? पुढे कुणीतरी काचेच्या नळीत पारा भरून पाहिला, तेव्हा उलगडलं की पंप पाणी ओढतच नाही. बाहेरची हवा आपल्या वजनानं ते ढकलते, आणि तिचा जोर तीन मजल्यांपुरताच.

रविवारी मीटिंग भरली. सगळे त्याचा राजीनामा मागत होते. मोटर का हलवली, असं विचारलं तर तो म्हणे, खाली ओल येते. ओल कसली डोंबलाची. मला खरं माहीत होतं, त्याच्या बायकोनंच, वहिनींनी, शपथ घालून सांगितलं होतं. मोटरची खोली त्याच्या बेडरूमला लागून. आजारपणानंतर वहिनींचं डोकं रात्रभर ठणकायचं, पहाटे कुठे डोळा लागायचा, आणि तेवढ्यात भिंतीपलीकडे मोटर सुरू व्हायची. पण आपल्या दुखण्याचा चारचौघांत बभ्रा नको, असं वहिनींनी त्याला बजावलं होतं, म्हणून बिचारा खाली मान घालून बसला होता. मालवणचा माणूस, एरवी एकाचे दोन ऐकवणारा.

माझं डोकं फिरलं. मी तापटच आहे, शिकवताना मुलं टरकायची. उभी राहून म्हणाले, "राजाच्या पदरचे पंडित जिथे चुकले, तिथे हा चुकला. आणि चुकला तो बायकोला घटकाभर झोप मिळावी म्हणून."

वहिनींची शपथ मी मोडली, त्याचं मला आजही काही वाटत नाही. राजीनाम्याचं पुन्हा कुणी काढलं नाही. पण खालून ढकललं तरच पाणी चढणार, म्हणून मोटर खालीच आणावी लागणार होती, आणि पालिकेचं पाणी पहाटेच येतं, तेव्हा वेळही बदलता येईना. हवेच्या वजनापुढे कुणाचं काय चालणार? वहिनींची झोप होती तिथेच अडकली.

घरी आले आणि मुलीच्या खोलीचं दार उघडं दिसलं. तिचं लग्न झाल्यापासून तिथे माझी पुस्तकंच झोपत होती. ती उचलून बाहेर टाकली आणि संध्याकाळी वहिनींना म्हटलं, आजपासून झोपायला तिसऱ्या मजल्यावर यायचं. त्या नको नको म्हणत होत्या. मी ऐकते थोडीच. लिफ्टमध्ये घालून घेऊनच आले.

दुसऱ्या दिवशी मोटर पुन्हा खाली बसली. त्याच्या पुढच्या पहाटे ती सुरू झाली आणि थोड्या वेळानं सेक्रेटरी थर्मासमध्ये चहा घेऊन दारात हजर. त्यानं खोलीत डोकावून पाहिलं. वहिनी कुशीवर गाढ झोपल्या होत्या, तोंड थोडं उघडं. मोटरचा आवाज वर येत नव्हता. मग डोळे पुसत हळूच म्हणाला, "बाई, मोटर वर नेली, पण हिलाच वर आणायचं माका सुचूक नाय."

चहा आम्ही दोघांनी पिऊन टाकला. वहिनींना साडेनऊपर्यंत कुणी उठवलं नाही.