किल्ली कुणाकडे ठेवायची?

आमच्या बाईंनी पहिल्याच तासाला फळ्यावर काहीही न लिहिता विचारलं होतं, "काल तुमच्या घरातून शेजारी काय गेलं, आणि शेजारून तुमच्याकडे काय आलं?" आम्ही एकमेकांची तोंडं बघत बसलो. समाजशास्त्र म्हणजे व्याख्या, विचारवंत आणि परीक्षेच्या आदल्या दिवशी झेरॉक्स, एवढीच आमची समजूत. मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं, "केबलची वायर." वर्ग खिदळला. बाई मात्र खूश झाल्या. "झकास! कुणाच्या खिडकीतून कुणाच्या खिडकीत?" त्या वायरीवर त्यांनी उरलेला अख्खा तास घेतला.

आज अंधेरीच्या एका कॉलेजात मीही वर्षाच्या सुरुवातीला हाच प्रश्न विचारते. आता उत्तरं चार्जर, वायफायचा पासवर्ड अशी येतात. बरीच मुलं सरळ म्हणतात, "काहीच नाही, मॅम." तेव्हा मला मनापासून चिडायला होतं, पण बाईंनी शिकवलंय की "काहीच नाही" हे सगळ्यात महत्त्वाचं उत्तर असतं.

बाईंच्या पिढीतले अभ्यासक टेपरेकॉर्डर घेऊन दूरच्या खेड्यांत जायचे. बाई चप्पल घालून जिन्यात जायच्या. मरोळच्या औद्योगिक वसाहतीभोवती उभ्या राहिलेल्या चाळी आणि तीन मजली इमारती, त्यांत कोकणातून, मराठवाड्यातून, आणखी कुठून कुठून आलेली माणसं, आणि त्यांच्यातली उसनवारी, हा त्यांचा विषय. पैशांची नव्हे, वस्तूंची. विरजण, कढीपत्ता, इस्त्री, पाहुण्यांसाठी गादी. कुठली वस्तू कुठल्या दारापर्यंत जाते आणि कुठल्या दाराशी थांबते याचे त्या नकाशे काढायच्या. जिथे वस्तू थांबते तिथे भिंत आहे, मग ती डोळ्यांना दिसो वा न दिसो. विद्यापीठातले मोठे लोक हसले म्हणे, जिन्यात कसलं आलंय समाजशास्त्र? या शहरात तोवर कुणीच असं काम केलं नव्हतं. पुढे तेच लोक आपल्या विद्यार्थ्यांना बाईंकडे पाठवायला लागले. माझ्या एका मैत्रिणीने बाईंच्याच पद्धतीने मनोरीच्या कोळीवाड्यात जाऊन कोण कुणाला जाळं देतं याचा अभ्यास केला आणि तिथलीच होऊन राहिली.

ही कल्पना कुठून सुचली, हे बाई हसत हसत सांगायच्या. त्यांचे वडील मराठवाड्यातून कारखान्यात नोकरीला आले. घर बौद्ध. चाळीत शेजारच्यांची शिडी त्यांच्याकडे यायची, हातोडी यायची, पेपर यायचा. पातेलं कधी आलं नाही. "मी सातवीत होते," बाई म्हणायच्या. "मला कळलं, शिडीला विटाळ नसतो, पातेल्याला असतो. मग म्हटलं, बघू तरी आणखी कशाकशाला असतो!" आम्ही वहीत डोकं घालायचो. त्या स्वतः मात्र खो खो हसायच्या, म्हणजे आम्हालाही हसावंच लागायचं.

कामात त्यांचा एक नियम फार कडक होता. अभ्यासकाने काही देऊ नये, काही मागू नये. चहापलीकडे काही घेऊ नये. आपण त्या देवाणघेवाणीत शिरलो की चित्र बिघडतं. हे ठीकच. पण बाई राहत होत्या त्याच इमारतींपैकी एकीत, दुसऱ्या मजल्यावर, एकट्या. आणि घरी आल्यावरही हा नियम त्यांच्या अंगातून उतरायचा नाही.

गेल्या वर्षी बाई दुपारी न्हाणीघरात घसरून पडल्या. कंबरेचं हाड मोडलं. कामवाली आली, बेल वाजवून दमली, मग तिला आतून हाक ऐकू आली. किल्ल्या दोनच. एक आत खुंटीला, दुसरी मुलुंडला भाचीकडे. भाची ट्रॅफिकमधून येईपर्यंत बाई तशाच फरशीवर. ऑपरेशन झालं, वॉकर आला, आणि भाचीने निर्वाणीचं सांगितलं, "मावशी, एक तर मुलुंडला चल, नाहीतर इमारतीतलं कुणीतरी तुझी किल्ली ठेवून सकाळ-संध्याकाळ डोकावेल असं बघ. रविवारी मी येते. कुणी नसेल तर बॅग भरायची." पोरीचं चुकत नव्हतं. ती घाबरली होती.

बाईंनी मला फोन केला. "मुलुंडला वाईट काही नाही गं. भाची जीव लावते. पण तिथे मी पाहुणी. मला इथेच राहायचंय." बाईंचा आवाज असा बारीक झालेला मी कधी ऐकला नव्हता. मी काही बोलणार तोच त्या नेहमीच्या सुरात म्हणाल्या, "शनिवारी ये. किल्लीसाठी घरांचा नमुना निवडायचाय."

मी घाटकोपरहून मेट्रोने गेले. बाई इस्त्रीची साडी नेसून, नवी करवून घेतलेली किल्ली रुमालात बांधून, वॉकर धरून तयार. पहिलं दार त्यांच्याच मजल्यावरच्या एका नव्या जोडप्याचं. दोघं घरून काम करणारी, म्हणजे दिवसभर हजर. माझ्या मते तिथेच काम फत्ते. बाई सोफ्यावर टेकल्या आणि विचारू लागल्या. लग्न कसं जमलं, सण कुणाच्या पद्धतीने करता, सासूबाई आल्या की ओट्याचा ताबा कुणाकडे. ती बिचारी भडाभडा बोलत सुटली. मी बाईंना कोपराने ढोसलं. "किल्लीचं बोला ना!" त्या पुटपुटल्या, "वातावरण तयार करतेय." अर्ध्या तासाने आम्ही बाहेर आलो, तेव्हा त्या घरातल्या दोन्ही सासवांची पूर्ण माहिती आमच्याकडे होती आणि किल्लीही आमच्याकडेच होती.

पुढचं दार त्याच मजल्यावरच्या एका निवृत्त गृहस्थांचं. तिथे बाईंनी इमारतीच्या पुनर्विकासावर त्यांचं मत विचारलं. वाट लागली! त्यांनी ते दिलं, सविस्तर.

मी जिन्यात उभी राहून वैतागले. "बाई, जन्मभर दुसऱ्यांना विचारत आलात कोण कुणाकडे काय मागतं. आता स्वतः मागा की!"

"मला येत नाही," बाई म्हणाल्या. एवढंच.

राग कुठल्या कुठे पळाला माझा. मी हळूच विचारलं, "समोरच्या काकू?" बाईंच्या अगदी समोर एक मालवणी काकू राहतात. सासरे गिरणीत होते, मुलगा विमानतळावर नोकरीला. बाईंनी मान हलवली. "तिथे नको."

"का?"

"ती दर गणपतीला करंज्या पाठवायची. मी डबा स्वच्छ धुऊन परत द्यायचे."

"मग?"

"रिकामा."

मी कपाळावर हात मारला. आपल्याकडे शेजारचा डबा रिकामा परत देतं का कुणी? दुसरं काही नसेल तर चमचाभर साखर तरी घालतो माणूस. आणि ज्या बाईने डब्यांच्या येण्याजाण्यावर हयात घालवली, तिने हे करावं!

"नियम होता माझा," बाई म्हणाल्या. "घ्यायचं नाही म्हटलं तर ती दुखावली असती, म्हणून घेतलं. पण परत काही दिलं तर मीच त्या नकाशात आले असते ना! काही वर्षांनी करंज्या बंद झाल्या. मी त्याचीही नोंद केली."

"नियम फील्डवर, बाई! इथे तुम्ही राहता!" मी जवळजवळ ओरडलेच. आपल्या गुरूवर असं ओरडायचं नसतं, पण दुसरा उपाय नव्हता. बाईंनी वॉकर वळवला. मग स्वतःच पुढे झाल्या आणि समोरची बेल दाबली.

काकूंनी दार उघडलं. हात तांदळाच्या पिठाने भरलेले. बाईंनी घसा खाकरला. "तुम्ही साधारण या मजल्यावर..."

"बाई," काकू म्हणाल्या, "माका परीक्षा नको. काय होया तां सांगा."

 बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं आणि त्या एका दमात म्हणाल्या, "मला मुलुंडला जायचं नाही. माझी किल्ली ठेवाल?"

काकूंनी पदराला हात पुसले. किल्ली मात्र घेतली नाही. "ठेवतलंय. पण माजीय तुमच्याकडे र्‍हवतली. झील सकाळी कामाक जाता तो रातीक येता. मी पडलंय तर माका कोण बघतला?"

"मी?" बाईंनी वॉकरकडे बघितलं. "मला यायला वेळ लागेल हो."

"हळूहळू येवा," काकू म्हणाल्या. "पडल्यार मी खंय पळान जातलंय?"

दोघी हसल्या. काकू दाराच्या चौकटीला धरून, बाई वॉकरला. मीही हसले आणि रडलेही, आणि त्याची मला जराही लाज वाटली नाही. रविवारी भाची आली, समोर जाऊन काकूंना चार प्रश्न विचारून आली, आणि रिकामी बॅग तशीच घेऊन मुलुंडला परत गेली.

त्यानंतर काही दिवसांनी दुपारी मी बाईंना फोन केला. एका विद्यार्थिनीच्या प्रबंधात अडलं होतं. बाईंना अशा अडचणी सोडवायला फार आवडतं, तासतासभर बोलतात. या वेळी पलीकडून धातूचं काहीतरी आपटल्याचा आवाज आला आणि बाई कुणावर तरी खेकसल्या, "अरे, ओट्याखाली सरकव, मध्ये नको!"

"बाई, कुठे आहात?"

"समोरच्यांच्या स्वयंपाकघरात. त्या बाजारात गेल्यात, सिलेंडर आलाय. माझ्याकडेच किल्ली ना! दूधही तापायला ठेवून गेल्यात, उतू जाईल आता. तू नंतर कर गं."

आणि बाईंनी माझा फोन कापला.