कॉजिटाबंड

परवा चिखलीत एका वर्कशॉपवरून जाताना मशीनच्या तेलाचा वास आला आणि पप्पा आठवले.

मी शाळेत असताना एका संध्याकाळी शिफ्टवरून येऊन, तसाच वास मारणारा शर्ट न बदलता ते बसले होते. हातातल्या चहावर साय धरली होती. मला तेव्हा इंग्रजीतले अवघड शब्द घरभर मिरवायची भारी हौस.

"पप्पा, तुम्ही अगदी कॉजिटाबंड दिसताय."

ते दचकले. "बंड? तुला कुणी सांगितलं?"

"अहो, म्हणजे विचारात बुडालेले!" मी हसत सुटले. पप्पाही हसले, पण आईची नजर चुकवून.

दुसऱ्या दिवशी कंपनीच्या गेटवर कामगार संपावर बसले. कुणाला कधी उलटून न बोललेले माझे पप्पा पहिल्या रांगेत होते.

डिक्शनरीत त्या शब्दाचा अर्थ अर्धाच दिलाय.