नेक्स्ट दाबायच्या आधी

काही दुकानांत माल साठतो, माझ्या मावशीच्या दुकानात किस्से साठतात. माणूस येतो, त्याला कॉम्प्युटरमध्ये काहीतरी टाकून हवं असतं. ते टाकून झालं की तो जातो, पण तो जे बोलला आणि मावशीनं त्याला जे उत्तर दिलं ते तिथंच खुर्च्यांच्या मध्ये राहतं. मी फार बोलत नाही. त्यामुळे ते सगळं माझ्याकडे जमा होत गेलं.

आधी दुकान सांगते. तीर्थपुरीच्या बाजाररस्त्यावर, भांड्यांच्या दुकानाला लागून एक लांबट खोली आहे. वर पाटी, 'शालन कॉम्प्युटर्स'. शालन हे मावशीचं नाव, पाटी काकांनी, म्हणजे तिच्या नवऱ्यानं, लावली होती. आत दोन कॉम्प्युटर. एकाला आम्ही दारातला म्हणतो, दुसऱ्याला आतला. दारातल्यावर सगळी कामं चालतात, फॉर्म, प्रिंट, सातबारा, हॉलतिकीट. शिवाय लोक आपापले लॅपटॉप घेऊन येतात आणि "याच्यात अमुक टाकून द्या" म्हणतात. आतल्यावर मावशीनं टॉवेल पांघरून ठेवलाय.

आतला काकांचा. काका रिक्षावरच्या भोंग्यासाठी आवाज द्यायचे. आठवडी बाजार, साड्यांचा सेल, लसीकरणाचा कॅम्प, कुणाची हरवलेली म्हैस, सगळं त्यांच्याच आवाजात गावभर फिरायचं. दोन वर्षांपूर्वी ते गेले. आता भोंग्यावर दुसऱ्याच कुणाचा आवाज असतो. काकांचा आवाज आमच्यापैकी कुणीच फोनमध्ये भरून ठेवला नव्हता. रोज रस्त्यावरून ऐकू येणारा आवाज कोण कशाला भरून ठेवील? जे काही उरलंय ते त्या आतल्या कॉम्प्युटरमध्ये. म्हणून त्याला नेट नाही, त्याला कुणाचा पेनड्राइव्ह लावायचा नाही, आणि त्यात नवीन काही टाकणं तर बिलकुल नाही.

"त्याच्यात काही जायचं न्हाई," मावशी म्हणते, "म्हंजी त्याच्यातून काही जाणार न्हाई."

मी नववीत आहे. शाळा सुटली की आमच्या गावची एसटी येईपर्यंत दुकानात बसते.

*

किशोरदादा माझ्या मामाचा मुलगा. जालन्याला मस्तगडात एका कॉम्प्युटरच्या दुकानात कामाला आहे. होळीला आला तेव्हा त्यानं दारातल्या कॉम्प्युटरवर व्हिडिओ बघायचा एक प्लेअर टाकून दिला. त्याचं बोट इतकं जल्दी चालतं की पडद्यावर काय आलं ते दिसतसुद्धा नाही. नेक्स्ट, नेक्स्ट, नेक्स्ट, फिनिश. चहा निवायच्या आत काम झालं.

दुसऱ्या दिवशी बघितलं तर प्लेअर होता. सोबत एक साफसफाई करणारा प्रोग्रामही होता, तो थोड्या थोड्या वेळानं पैसे मागत होता. नेट उघडलं की भलतंच पान यायचं. कोपऱ्यात पत्त्यांच्या खेळाची जाहिरात नाचत होती. हे सगळं त्या प्लेअरनं टाकायच्या आधी बारीक अक्षरांत विचारलं होतं, आणि दादानं प्रत्येकाला हो म्हटलं होतं.

मावशीनं फोन लावला. "किशोर, मी एक पाव्हणा बोलावल्ता. तू समदी वरात घेऊन आल्ता."

"आत्या, समदी दुनिया नेक्स्ट-नेक्स्टच करती."

"मंग दुनियेचं दुकान दुनिया झाडील. माझं मला झाडावं लागतं."

ती वरात बाहेर काढण्यात अख्खी दुपार गेली. त्या दिवसापासून दुकानात नियम झाला. पडद्यावर जे येईल ते मराठीतून मोठ्यानं वाचल्याशिवाय कुणी नेक्स्ट दाबायचं नाही. मावशीचं इंग्रजी बेताचं. म्हणजे वाचायचं मी.

*

मोठ्यानं वाचणं मला जमत नाही. वर्गात हजेरीच्या वेळी बाई माझं नाव दोनदा घेतात, कारण पहिल्यांदा मी दिलेलं उत्तर त्यांच्यापर्यंत पोचलेलं नसतं.

पहिल्या दिवशी दुकानात तिघं-चौघं होते. सकाळची शाळा सुरू झाली होती, म्हणजे बाहेर चांगलंच ऊन होतं, आणि डोक्यावर पंखा खडखडत होता. मी वाचलं. कुणाला काहीच ऐकू आलं नाही. मागून एकजण म्हणाला, "पोरगी नुस्ते ओठ हलवून राह्यली."

मावशी मला मोठ्यानं बोल म्हणाली नाही. ती उठली आणि तिनं पंखा बंद केला.

सगळे घाम पुसत ऐकत बसले. मी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. तेव्हापासून माझं वाचन असलं की पंखा बंद. "आज वाचाय-बिचायचं न्हाई ना?" असं दारातूनच विचारून मग पायरी चढणारी गिऱ्हाइकं आमच्याकडे आहेत.

*

एक रिटायर गुरुजी आहेत. त्यांना पेन्शनचे कागद उघडायला एक प्रोग्राम हवा होता. त्यांनी स्वतःच शोधून पान काढून ठेवलं होतं आणि लॅपटॉप तसाच उघडा धरून ते दुकानात आले, जणू मिटला तर पान हरवेल.

पानावर चार हिरवी बटणं होती. चारींवर एकच शब्द, डाउनलोड.

"याच्यातलं खरं कोणतं, बाळ?" त्यांनी मला विचारलं.

मी जवळ जाऊन बघितलं. तीन बटणांच्या कोपऱ्यात अगदी बारीक अक्षरांत जाहिरात असं लिहिलं होतं. चौथ्यावर तसं नव्हतं, पण ते पानच प्रोग्राम बनवणाऱ्या कंपनीचं नव्हतं, मधल्याच कुणाचं तरी होतं. मी तसं वाचून सांगितलं. मावशीनं पान बंद करायला लावलं. मग कंपनीचा पत्ता वरच्या पट्टीत एकेक अक्षर बघून टाकायला लावला, आणि तिथून प्रोग्राम घेतला.

गुरुजी लॅपटॉप मिटताना म्हणाले, "जन्मभर मी पोरांना चार पर्याय देत आलो. पण त्यातला एक तरी बरोबर ठेवायचो."

*

लताताई ब्लाउज शिवतात. डिझाइन बघायला त्यांनी लॅपटॉप घेतलाय. तो रोज अपडेट मागायचा आणि त्या रोज 'नंतर आठवण करून द्या' दाबायच्या.

"रोज तेच इचारतंय, मी रोज न्हाई म्हणते," त्या मावशीला म्हणाल्या. "सासूबाईसारखं झालंय."

मी पडद्यावरचं वाचलं. लॅपटॉपमध्ये बाहेरून शिरता येईल अशी एक फट सापडली आहे, ती बुजवायची आहे, एवढंच लिहिलं होतं. मावशी म्हणाली, "दाराची कडी तुटली म्हणून सांगून राह्यलं ते. बसवू दे त्याला."

अपडेट होईपर्यंत लताताई बसून होत्या. पडद्यावरचं गोल गोल फिरणारं चक्र बघता बघता एकदम म्हणाल्या, "मंग सासूबाई काय सांगून राह्यल्या, ते बी एकदा ऐकावं लागंल."

*

भागवतरावांचं कृषी केंद्र आमच्या अगदी समोर. बियाणं, खत, फवारणीची औषधं. त्यांना बिलं करायचा प्रोग्राम पाहिजे होता. भाच्यानं तो फुकटात पेनड्राइव्हवर भरून दिला होता. मावशीनं पेनड्राइव्ह आधी तपासून घेतला. त्यात 'आधी हे वाचा' नावाची एक फाईल होती. पंखा बंद झाला. मी वाचलं, "पहिली पायरी, अँटिव्हायरस बंद करा."

"करा की मंग," भागवतराव म्हणाले.

मावशीनं त्यांना विचारलं, कपाशीची बॅग देताना शेतकऱ्याला काय काय बघायला सांगता? हा त्यांचा आवडता विषय. ते खुर्चीत सरळ झाले आणि सांगत सुटले. बॅगची शिवण उसवलेली नको. टॅग पाहिजे. टॅगवरचा लॉट नंबर बिलाशी जुळवायचा. पेरून झाल्यावर रिकामी बॅग फेकायची नाही, मूठभर बी बाजूला ठेवायचं, उगवलं नाही तर दाखवायला लागतं. सुटं बियाणं तर सख्ख्या भावानं दिलं तरी घ्यायचं नाही.

"आन् कुणी म्हणलं, आधी टॅग फाडून टाका, मंगच पेरा?"

"त्याला मी पायरी चढू देणार न्हाई," भागवतराव म्हणाले.

मावशीनं पेनड्राइव्हकडे बोट केलं.

त्यांनी पेनड्राइव्ह काढून खिशात टाकला, दारापर्यंत गेले आणि परत वळले. "टॅगवालं कुठं भेटतं, तेवढं सांगा."

*

एकदा मावशीला फोन आला. पलीकडचा माणूस हिंदीत बोलत होता. म्हणाला, मी कॉम्प्युटर कंपनीतून बोलतोय, तुमच्या मशीनमध्ये व्हायरस शिरलाय, मी सांगतो तो प्रोग्राम ताबडतोब टाका, नाहीतर सगळं पुसलं जाईल.

सगळं पुसलं जाईल, हे ऐकून मावशीनं एकदा आतल्या टॉवेलकडे बघितलं. मग फोनचा स्पीकर चालू केला, फोन माझ्यासमोर ठेवला आणि त्याला म्हणाली, "टाकतो की. पण आमच्यात वाचल्याबिगर दाबत न्हाईत."

तिनं पंखा बंद केला. मी त्या प्रोग्रामच्या अटी वाचायला लागले. डाउनलोड केलेलं काहीच नव्हतं, नुसतं पान उघडलं होतं. पहिल्याच पानावर लिहिलं होतं की परवानगी दिली तर समोरच्या माणसाला तुमचा पडदा दिसेल आणि तुमचा माउस त्याला चालवता येईल. तो म्हणाला, मॅडम, ये सब पढने की जरूरत नहीं. मावशी मला म्हणाली, "वाच माय. आपल्याला जल्दी न्हाई."

मी पुढचं पान घेतलं. तिसऱ्या पानाच्या मध्यावर त्यानं फोन ठेवला.

माझं वाचन न ऐकता उठून गेलेला तो आजवरचा एकच माणूस. मला वाईट वाटलं नाही.

*

गणपतीच्या आसपास आतल्या कॉम्प्युटरमधून आवाज यायला लागला. मावशी अधूनमधून टॉवेल काढून तो चालू करायची. त्यातलं काही उघडायची नाही. चालू होतो एवढं बघायची आणि बंद करायची. त्या दिवशी तो चालू झाला आणि आतून खट् खट् ऐकू आलं.

किशोरदादा मस्तगडहून दुसऱ्याच दिवशी आला. त्यानं कान लावून ऐकलं. नेहमीसारखी थट्टा केली नाही. "आत्या, डिस्क चाललीय. आज हाय, उद्याचं सांगता येत न्हाई."

त्यानं काकांचं सगळं काम दोन नव्या डिस्कवर उतरवून घेतलं. ते उतरेपर्यंत मावशी उभीच होती. मग तिनं जुनी डिस्क काढायला लावली, त्याच टॉवेलात गुंडाळली आणि कपाटात ठेवली. एक नक्कल माझ्या दप्तरात दिली. "तुमच्या गावाला राहू दे," म्हणाली. "दोन्ही एका छपराखाली नको." दुसरी नक्कल दारातल्या कॉम्प्युटरला जोडली.

पण फायली उघडेनात. काका ज्या प्रोग्राममध्ये आवाज भरायचे त्यातच त्या उघडत होत्या, आणि तो प्रोग्राम दारातल्यावर नव्हता. त्याची जुनी सीडी मधोमध तडकलेली निघाली. दादानं नेटवर शोधलं. जुना प्रोग्राम फुकट देणारं एक पान लगेच सापडलं. त्याचं बोट बटणावर गेलं आणि तिथंच थांबलं. त्यानं खुर्ची बाजूला घेतली आणि मला म्हणाला, "वाच."

मी पत्ता वाचला. तो बनवणाऱ्यांचा नव्हता. दादानंच पान बंद केलं.

बनवणाऱ्यांच्या पानावर नवा प्रोग्राम होता. खाली लिहिलं होतं, जुन्या बहुतेक फायली यात उघडतात.

"बहुतेक?" मावशीनं विचारलं.

मी पुन्हा वाचलं. बहुतेकच होतं.

"घे," ती म्हणाली. ती उठली, तिनं पंखा बंद केला आणि परत येऊन बसली.

मी एकेक पान वाचत गेले. एका जागी आणखी काहीतरी टाकायची खूण आधीच करून ठेवलेली होती, दादानं ती काढली. मग पडदा एकदम अंधुक झाला आणि मध्ये एक चौकट आली. मी वाचलं, "या प्रोग्रामला तुमच्या कॉम्प्युटरमध्ये बदल करू द्यायचे का?"

मावशी पडद्याजवळ सरकली. मला वाटलं, ऐकू गेलं नाही. मी पुन्हा वाचलं.

"कोण इचारून राह्यलं?" ती म्हणाली. "नाव वाच."

मी बनवणाऱ्याचं नाव वाचलं. तिनं काकांच्या ड्रॉवरमधून तडकलेल्या सीडीचं कव्हर आणलं आणि पडद्याजवळ धरलं. मी एकेक अक्षर म्हणत गेले, ती कव्हरवर बोट फिरवत गेली. जुळलं. दादानं माउस तिच्याकडे सरकवला. तिनं हो दाबलं.

'आठवडी बाजार' नावाची फाईल होती, ती उघडली. पडद्यावर आवाजाची लांब रेघ आली, सुरुवातीला सपाट, मग उंचसखल. दादा म्हणाला, भोंग्यावर जायचं ते पुढचं-मागचं कापून जायचं, हे अख्खं आहे, कापायच्या आधीचं. त्यानं चालू केलं.

आधी नुसती खडखड ऐकू आली. मग खुर्ची सरकल्याचा आवाज. कुणीतरी घसा साफ केला. मग काका बोलले. भोंग्यावरच्या आवाजात नाही, घरातल्या.

"शालन, आधी पंखा बंद कर."

मावशी पडद्याकडे बघत होती.

"केलाय," ती म्हणाली.