हेल्मेटवाला राजा

अमेरिकेतल्या ईडन प्रेरी गावात घर घेतल्यावर पुढच्या अंगणात बुद्धाचं मस्तक बसवायचं, असं आम्ही नवरा-बायकोने ठरवलं होतं. ऑनलाइन ऑर्डर केली. ट्रकवाला ठेवून गेला, आम्ही खोकं फाडलं, तर आत रुंद नाकाचा, भरल्या ओठांचा, हेल्मेट घातलेला एक दगडी इसम आमच्यावरच वैतागलेला.

दुकानात फोन केला. "तुम्ही मस्तक मागवलंत, आम्ही मस्तक पाठवलं," तिथली बाई म्हणाली. परत करायचं तर मूळ खोक्यातूनच.

समोर राहणारे काका मूळचे मेक्सिकोतल्या व्हेराक्रूझचे. ते रस्ता ओलांडून आले आणि डोक्यावरची टोपी काढून उभे राहिले. म्हणाले, "हा ओल्मेक राजा. ओल्मेक म्हणजे मेक्सिकोतले फार प्राचीन लोक. आमच्याकडचा." खरी मस्तकं माणसाहून उंच, प्रत्येकाचा चेहरा वेगळा, जवळपास तीन हजार वर्षांपूर्वी ते दगड चाकांशिवाय लांबून ओढत आणलेले.

"नाव काय याचं?" मी विचारलं.

"कोणालाच माहीत नाही."

पंधरा दिवसांनी कॉलनीच्या कमिटीचं पत्र आलं. अंगणात खेळाडूंचे पुतळे लावायला मनाई आहे. हेल्मेट घातलेला अमेरिकन फुटबॉलपटू ताबडतोब हटवावा. धार्मिक मूर्ती मात्र चालते.

मीटिंगला आम्ही काकांना साक्षीदार म्हणून नेलं. अध्यक्षबाईंनी विचारलं, "हा तुमचा देव आहे का?"

"आम्ही देव मानत नाही," नवरा म्हणाला. मी टेबलाखालून त्याला लाथ मारली, पण उशीर झाला होता.

"मग खेळाडूच ना?"

"राजा आहे," काका म्हणाले. माणूस प्रामाणिक, म्हणून पुढे म्हणाले, "पण काही अभ्यासकांना वाटतं की हेल्मेट रबरी चेंडूच्या खेळातलं असावं."

 अध्यक्षबाई बराच वेळ नियमावली चाळत राहिल्या. राजांबद्दल त्यात काहीच नव्हतं. शेवटी त्यांना एक कलम सापडलं: पक्ष्यांसाठी पाण्याचं भांडं ठेवायला परवानगी आहे.

तेव्हापासून राजाच्या डोक्यावर आमची कणकेची परात आहे. कमिटीचा माणूस उन्हाळ्यात येऊन पाणी आहे का ते बघतो आणि वहीत टिकमार्क करतो. पहिल्या वर्षी एकही पक्षी फिरकला नाही. यंदा मे महिन्यात एक रॉबिन परातीत उतरला आणि पंख फडफडवत मनसोक्त न्हाला. राजाच्या गालांवरून पाणी ओघळत होतं. मी काकांना फोन केला. ते चप्पल न घालताच धावत आले, आणि आम्ही दोघं रॉबिन उडून जाईपर्यंत खिडकीशी उभे राहिलो.